रंगांचे व्याकरण : 'पोकेमॉन गो'च्या नकाशातील साधनस्थळे

रंगाने सांगितलेला अर्थ कोष्टकात मांडता येतो, अशी एक सार्वत्रिक समजूत आहे. तांबडा म्हणजे थांबा, हिरवा म्हणजे चला. नकाशावर निळे ते पाणी, हिरवे ते रान. डावीकडे रंग, उजवीकडे अर्थ आणि मध्ये एक रेघ. मोबाईलवर खेळल्या जाणाऱ्या 'पोकेमॉन गो' या खेळाच्या नवशिक्यांसाठी जी मार्गदर्शक टिपणे लिहिली जातात, त्यांतही असेच कोष्टक आढळते : निळे ठिकाण असेल तर साहित्य मिळेल, जांभळे असेल तर मिळणार नाही, तांबडे, निळे व पिवळे मनोरे त्या त्या संघाचे. हे कोष्टक खोटे नाही. परंतु ते पाठ करूनही नकाशा वाचता येत नाही; आणि तो का वाचता येत नाही, हा प्रश्न भाषाशास्त्राच्या अभ्यासकाने विचारण्याजोगा आहे. प्रस्तुत लेखाचे प्रतिपादन असे की, या खेळातील रंगांचे नाते शब्दकोशातील शब्दांपेक्षा व्याकरणातील पुरुष आणि काळ यांच्याशी अधिक जवळचे आहे. रंगाचा अर्थ ठरविण्याआधी तो कोणाच्या बाजूने व केव्हा बोलला गेला आहे, हे ठरवावे लागते. या दृष्टीने पाहिले असता ह्या रंगव्यवस्थेचे सामर्थ्य जसे दिसते, तसेच तिचे दोन दोषही स्पष्ट होतात.

खेळाचा परिचय नसलेल्या वाचकांसाठी थोडे सांगणे अवश्य आहे. गूगलच्या अंतर्गत २०१० मध्ये जॉन हँके यांच्या पुढाकाराने सुरू झालेली आणि २०१५ मध्ये स्वतंत्र झालेली 'नायँटिक' ही संस्था या प्रकारच्या खेळांची प्रवर्तक होय. तिने २०१२ च्या नोव्हेंबरात 'इन्ग्रेस' हा खेळ प्रायोगिक स्वरूपात आणला आणि ६ जुलै २०१६ रोजी काही देशांत 'पोकेमॉन गो' प्रसिद्ध केला. भारतात तो त्याच वर्षी डिसेंबरात रीतसर आला. २०२५ मध्ये नायँटिकने आपला खेळांचा व्यवसाय 'स्कोपली' या कंपनीस विकला. खेळणारा प्रत्यक्ष रस्त्यावर चालतो. त्याचे स्थान उपग्रहांच्या साहाय्याने निश्चित होते आणि पडद्यावरच्या नकाशात त्याची प्रतिमा तेवढीच पुढे सरकते. या नकाशावर दोन प्रकारची साधनस्थळे असतात. एक 'पोकेस्टॉप' : येथे चेंडू, औषधे, अंडी इत्यादी साहित्य मिळते. दुसरे 'जिम' : येथे संघांची झुंज चालते, आणि २०१७ च्या जूनमधील फेररचनेपासून तेथेही साहित्य मिळू लागले. ही स्थळे काल्पनिक नाहीत. पुतळे, कारंजी, देवळे, ग्रंथालये, भित्तिचित्रे अशा खऱ्या जागांवर ती बसविलेली असून त्यांतील पुष्कळशी 'इन्ग्रेस'च्या खेळाडूंनी पूर्वी सुचविलेल्या जागांवरून आलेली आहेत.

आता पोकेस्टॉपचा रंग पाहू. साहित्य मिळण्याजोगे स्थळ निळे असते. खेळाडू त्याच्या टप्प्यात येऊन त्यावरील चकती बोटाने फिरवितो, साहित्य बाहेर पडते आणि स्थळ जांभळे होते. साधारण पाच मिनिटांनी ते पुन्हा निळे होते. आता समजा, दोघी बहिणी आपापला मोबाईल घेऊन एकाच कारंज्यापाशी उभ्या आहेत. थोरलीने चकती फिरविली आहे, धाकटीने नाही. कारंजे एक, क्षण एक, खेळ एक. परंतु एकीच्या पडद्यावर स्थळ जांभळे आहे आणि दुसरीच्या पडद्यावर निळे. "हा स्टॉप जांभळा आहे का?" या प्रश्नाला येथे खरे वा खोटे असे उत्तरच संभवत नाही. "माझा जांभळा आहे," असे म्हणावे लागते. हा 'माझा' कारंज्याची मालकी सांगत नाही, हे उघड आहे. तो विधानाचा कर्ता कोण ते सांगतो. कोष्टक वाचून आलेल्या नवशिक्याचा गोंधळ नेमका येथे होतो. जांभळा हा त्या स्थळाचा गुण आहे असे त्याला वाटते; वस्तुतः तो त्या स्थळाशी असलेल्या स्वतःच्या संबंधाचा रंग असतो.

भाषेत असे शब्द आपल्या नित्य परिचयाचे आहेत. 'मी', 'येथे', 'आता', 'काल' यांचा संदर्भ बोलणाऱ्यागणिक पालटतो. येस्पर्सन यांनी त्यांना 'शिफ्टर' ही संज्ञा दिली आणि रोमान याकॉब्सन यांनी १९५७ मधील आपल्या निबंधात तिचा विस्तार करून क्रियापदाचे पुरुष व काळ यांनाही त्या वर्गात आणून बसविले. लहान मुलास 'टेबल' हा शब्द लवकर कळतो, 'मी' मात्र उशिरा कळतो. कारण आई स्वतःला 'मी' म्हणते आणि मुलाने स्वतःला 'मी' म्हणावयाचे असते. पोकेस्टॉपचा जांभळा रंग हा असाच 'मी'चा रंग आहे. नकाशाच्या इतिहासात ही गोष्ट नवी म्हटली पाहिजे. भारतीय सर्वेक्षण विभागाच्या स्थलदर्शक नकाशात पाणी निळे, वने हिरवी, समोच्च रेषा तपकिरी असतात आणि त्या पाहणारा कोणीही असो, तशाच राहतात. तो नकाशा सर्वस्वी तृतीयपुरुषी भाषेत बोलतो. येथे लोकांच्या हाती असा नकाशा आला, की ज्यातील काही चिन्हे प्रथमपुरुषी आहेत.

जांभळ्या रंगाचा काळही सूक्ष्म आहे. वरवर पाहता तो भूतकाळ वाटेल : साहित्य घेतले, संपले. परंतु पाच मिनिटांनंतर रंग पुन्हा निळा होतो; घेण्याची क्रिया काही रद्द झालेली नसते. मराठीत 'मी पाणी भरले आहे' आणि 'मी पाणी भरले होते' ह्या वाक्यांत जो भेद आहे, तोच येथे दिसतो. पहिल्यात झालेल्या क्रियेचा परिणाम बोलण्याच्या क्षणी टिकून आहे : भांडे भरलेले आहे. दुसऱ्यात क्रिया घडली एवढेच सांगितले जाते. भांडे आता रिकामे असू शकेल. जांभळा म्हणजे 'घेतले आहे'. 'घेतले होते' यासाठी या नकाशात वेगळा रंग नाही. त्या अवस्थेचे स्थळ आणि साहित्य कधीच न घेतलेले स्थळ, दोन्ही निळीच. शालेय व्याकरणात ज्याला आपण पूर्ण वर्तमानकाळ म्हणतो, त्याचे इतके शुद्ध दृश्य उदाहरण मला अन्यत्र आढळलेले नाही. वर्गात हा काळ समजावून सांगताना ते उपयोगी पडावे.

रंगाच्या जोडीला आकार आहे, आणि त्याचे कार्य वेगळे आहे. दूरचे पोकेस्टॉप खांबावर ठेवलेल्या लहान ठोकळ्यासारखे दिसते. खेळाडू टप्प्यात आला की त्याची चकती उघडते. म्हणजे आकार 'हा' आणि 'तो' यांतील भेद सांगतो. दर्शक सर्वनामे काढून एखादी भाषा बोलता येईल का, याची ज्यांना शंका असेल त्यांनी हा ठोकळा उघडण्याची वाट पाहत चालणारा खेळाडू पाहावा. या 'हा'ची व्याप्ती किती असावी, यावरून प्रत्यक्ष वादही झाला. आरंभी ती सुमारे ४० मीटर होती. २०२० मध्ये महामारीमुळे लोकांनी एकत्र गर्दी करू नये म्हणून ती ८० मीटर करण्यात आली. २०२१ च्या उन्हाळ्यात अमेरिका व न्यूझीलंड येथे ती पुन्हा निम्मी केली गेली. त्यावर खेळाडूंनी इतका विरोध केला की त्याच ऑगस्टमध्ये ८० मीटरची मर्यादा परत आणावी लागली. दूर राहूनही ज्याला 'हा' म्हणता येत होते, ते एका दिवसात 'तो' झाले, अशी ती तक्रार होती; आणि चाकाच्या खुर्चीतून फिरणाऱ्या किंवा रहदारीचा रस्ता ओलांडू न शकणाऱ्या माणसाच्या दृष्टीने ती क्षुल्लक नव्हती.

जिमचे रंग निराळ्या जातीचे आहेत. तांबडा 'व्हॅलर'चा, निळा 'मिस्टिक'चा, पिवळा 'इन्स्टिंक्ट'चा. कोणाचाच ताबा नसेल तर मनोरा पांढरट. येथे रंग प्रत्येकाच्या पडद्यावर सारखाच असतो. ही संघांची विशेषनामे आहेत, आणि ती अगदी यादृच्छिकही नाहीत : तीन संघांची बोधचिन्हे अनुक्रमे अग्नी, हिम व वीज यांच्याशी निगडित तीन पक्ष्यांची आहेत. शिवाय पोकेमॉनच्या परंपरेत रंग हे नाव म्हणून वापरण्याची रूढी जुनी आहे. जपानात १९९६ साली मूळ खेळ 'तांबडा' आणि 'हिरवा' अशा दोन आवृत्त्यांत निघाला होता. 'निळा' व 'पिवळा' नंतर आले. तथापि नाव सर्वांना एकच असले तरी त्याचा उपयोग एक नसतो. निळ्या संघातील खेळाडूस निळा मनोरा म्हणजे आपल्या माणसांचे ठाणे. तेथे त्याला साहित्यही किंचित अधिक मिळते. तांबड्या संघातील खेळाडूस तोच मनोरा म्हणजे जिंकावयाची जागा. म्हणजे येथे 'आम्ही' आणि 'ते' यांचा भेद रंगाने थेट सांगितलेला नाही. तो वाचकाने आपल्या बाजूने लावून घ्यावयाचा आहे. अनेक युद्धखेळांत आपली बाजू नेहमी एका रंगाची आणि शत्रू नेहमी दुसऱ्या रंगाचा दाखविण्याची सोपी रीत असते. ती येथे स्वीकारली नाही, हे मला योग्य वाटते. सर्वांनी एकच नाव उच्चारावे आणि प्रत्येकाने त्यात आपले वा परके पाहावे, ही मराठी गावातील आडनावांचीच रीत आहे.

तिसरा प्रकार आमिषांचा. एखादा खेळाडू पोकेस्टॉपवर 'ल्युअर' बसवितो, त्याबरोबर त्या स्थळाभोवती गुलाबी पाकळ्या झडू लागतात व तेथे पोकेमॉन येऊ लागतात. २०१९ मध्ये यांत हिमाचा, शेवाळाचा व चुंबकाचा असे विशेष प्रकार आले आणि त्यांच्या छटा निळसर, हिरवट अशा वेगळ्या ठेवण्यात आल्या. हे आमिष एकाने बसविले तरी लाभ तेथे येणाऱ्या सर्वांना, कोणत्याही संघाच्या खेळाडूस होतो, आणि रंगही सर्वांना दिसतो. मराठीत 'आम्ही' आणि 'आपण' असा भेद आहे : 'आम्ही जेवायला जातो' यात ऐकणारा वगळलेला आहे, 'आपण जेवायला जाऊ' यात तो सामील आहे. इंग्रजी सर्वनामांत हा भेद नाही. इंग्रजीतून आखलेल्या या खेळात जिमचा रंग 'आम्ही'सारखा आणि आमिषाचा रंग 'आपण'सारखा वागतो, ही गोष्ट कोणी हेतुतः केली असेल असे नाही. परंतु रंगव्यवस्थेला जो भेद करावा लागला, तो आमच्या भाषेने सर्वनामांतच करून ठेवलेला असल्यामुळे मराठी वाचकास तो चटकन कळावा.

या वर्गांच्या सीमा कोठे पुसट होतात हे पाहावयाचे असेल, तर २०१९ च्या जुलैपासून आलेल्या 'टीम गो रॉकेट'च्या आक्रमणांकडे पाहावे. आक्रमण झालेले पोकेस्टॉप गडद होते व थरथरते. आरंभी ते सर्वांनाच तसे दिसते. ज्याने तेथील प्रतिपक्षास हरविले त्याच्यापुरते ते पूर्ववत निळे होते, इतरांना मात्र गडदच राहते. सर्वांसाठी उच्चारलेले वाक्य एकाच श्रोत्यापुरते मागे घेतले जाते, असा हा प्रकार आहे.

'इन्ग्रेस'शी तुलना केल्यास मुद्दा अधिक स्पष्ट होईल. त्या खेळातील 'पोर्टल'सुद्धा साधनस्थळच. तेथूनही साहित्य मिळते आणि एकदा घेतल्यावर काही मिनिटे थांबावे लागते. परंतु पोर्टलचा रंग ही गोष्ट सांगतच नाही. तो केवळ ताबा सांगतो : हिरवा 'एन्लायटन्ड' पक्षाचा, निळा 'रेझिस्टन्स'चा. आपण येथून नुकतेच साहित्य घेतले की नाही, हे खेळाडूने लक्षात ठेवावयाचे. म्हणजे तेथे प्रथमपुरुष नाही. दोन पक्षांसाठी हिरवा आणि निळा यांचीच निवड व्हावी, हेही भाषाशास्त्रज्ञास चमत्कारिक वाटेल. कारण जगातील कित्येक भाषांत या दोन रंगांना मिळून एकच मूळ शब्द आहे, आणि जपानीत आजही वाहतुकीच्या हिरव्या दिव्याला 'आओ' म्हणजे निळा म्हणतात. अर्थात नाव एक असल्याने डोळ्याला भेद दिसत नाही असे कोणी म्हणत नाही. 'इन्ग्रेस'मध्ये आणखी एक रंगमालिका आहे : पोर्टलवर बसविल्या जाणाऱ्या आठ 'रेझोनेटर'ची पातळी पहिलीपासून आठवीपर्यंत पिवळा, नारिंगी, तांबडा, गुलाबी अशा क्रमाने जांभळ्यापर्यंत जाते. झाक बर्तँ यांनी १९६७ च्या आपल्या ग्रंथात रंगछटेला स्वतःचा क्रम नसतो असे दाखविले आहे. तांबडा निळ्यापेक्षा मोठा की लहान, हे डोळा सांगू शकत नाही. तरीही ही मालिका वाचता येते, कारण पिवळ्याकडून जांभळ्याकडे जाताना उजळपणा साधारणपणे कमी होत जातो व तो क्रम डोळ्याला कळतो. येथे रंग अंकाचे काम करतो आणि बऱ्यापैकी करतो.

आता दोषांकडे वळू. प्रथम एक किरकोळ दोष. 'पोकेमॉन गो'मध्ये निळा हा न वापरलेल्या पोकेस्टॉपचाही रंग आहे आणि मिस्टिक संघाचाही. ही समरूपता होय. परंतु जिमचा उंच मनोरा व स्टॉपचा ठोकळा यांच्या आकारांत इतका फरक आहे की, 'कर' हे क्रियापद आणि 'कर' म्हणजे हात यांत वाक्यामुळे जसा घोटाळा होत नाही, तसा येथेही सहसा होत नाही. मोठा दोष निळ्या व जांभळ्याचा. या दोन अवस्थांत आकाराचा फरक ठेवलेला नाही. जवळ आल्यावर दोन्ही चकत्याच. दोघींतील भेद मुख्यतः जांभळ्यात मिसळलेल्या तांबड्या अंशाचा आहे, आणि तांबड्या-हिरव्याचा भेद ज्यांना नीट दिसत नाही अशा माणसांस नेमका हाच अंश हुकतो. उत्तर युरोपीय वंशाच्या पुरुषांत अशी दृष्टी सुमारे ८ टक्के व स्त्रियांत सुमारे अर्धा टक्का आढळते. रसायनशास्त्रज्ञ जॉन डाल्टन यांनी १७९४ मध्ये स्वतःच्या दृष्टीविषयी जो निबंध वाचला, त्यात इतरांना गुलाबी दिसणारे जिरेनियमचे फूल आपणास दिवसा आकाशी निळे दिसते, असे त्यांनी नोंदविले होते. डाल्टन यांच्या हाती हा खेळ दिला असता तर पाकळ्यांचे आमिष आणि साधा निळा स्टॉप यांत त्यांना केवळ पाकळ्यांच्या हालचालीचा आधार उरला असता. निळ्या व तांबूस-जांभळ्या चकत्यांत तेवढाही नाही.

रंगनामांच्या अंगानेही ही निवड विचारात घेण्याजोगी आहे. ब्रेंट बर्लिन व पॉल के यांनी १९६९ च्या ग्रंथात भाषांमधील मूळ रंगनामांचा जो उत्क्रांतिक्रम मांडला, त्यात जांभळा अगदी अखेरच्या टप्प्यावर, गुलाबी, नारिंगी व राखाडी यांच्या सोबत येतो. निळा त्याच्या बराच आधी. या सिद्धान्तावर पुढे पुष्कळ टीका व दुरुस्त्या झाल्या, तरी एवढे खरे की निळा-जांभळा ही सीमा भाषांनी उशिरा आणि कच्ची आखली आहे. मराठीत 'निळा' संस्कृत 'नील' ह्या शब्दावरून आणि 'जांभळा' जांभूळ ह्या फळावरून आलेला; संतवाङ्मयात कृष्णविठ्ठलाच्या वर्णासाठी निळा, सावळा व काळा किती जवळजवळ वावरतात हे सर्वांस ठाऊक आहे. या सीमेवर खेळाचा सर्वांत वारंवार लागणारा भेद टेकवणे, तोही भर दुपारच्या उन्हात पाहावयाच्या पडद्यावर, हे धाडसाचे म्हटले पाहिजे. आक्रमणाच्या वेळी स्थळ थरथरते, म्हणजे रंगाच्या जोडीला हालचाल द्यावी हे रचनाकारांना सुचले होते. भाषेत अशी द्विरुक्ती सर्वत्र असते : 'त्या मुली आल्या' यात अनेकवचन तिन्ही पदांत सांगितले आहे, एक पद ऐकू आले नाही तरी अर्थ हुकत नाही. जांभळ्या चकतीला असे दुसरे पद नाही. चकतीवर एक साधी रेघ मारली असती तरी पुरे होते.

दुसरा दोष अधिक खोल आहे. हे रंग घेणाऱ्याविषयी, संघाविषयी, काळाविषयी बोलतात. स्थळाविषयी मात्र काहीच बोलत नाहीत. स्थलदर्शक नकाशातील निळा निदान तेथे पाणी आहे असे सांगतो. येथील निळा देवळावर तोच, दुकानावर तोच, स्मशानावरही तोच. याचा परिणाम पहिल्याच महिन्यात दिसला. जुलै २०१६ मध्ये वॉशिंग्टन येथील ज्यूंच्या वंशसंहाराचे स्मारक-संग्रहालय आणि जवळचे आर्लिंग्टनचे राष्ट्रीय दफनस्थान यांना, येथे कृपया खेळू नका, असे लोकांना सांगावे लागले. त्याच वर्षी गुजरात उच्च न्यायालयापुढे एक जनहित याचिका आली. पूजास्थळांत खेळातील अंडी मिळतात, त्यामुळे जैन व हिंदू भाविकांच्या भावना दुखावतात, अशी तिची तक्रार होती. न्यायालयाने सप्टेंबरात नोटिसा काढल्या. अंडे हे खेळाच्या दृष्टीने एक निरुपद्रवी चित्र, परंतु देरासरात ते चित्रही एक विधान ठरते. उलटपक्षी, जपानात २०१६ च्या जुलैमध्ये मॅकडोनल्ड्सची सुमारे ३,००० उपाहारगृहे आणि भारतात डिसेंबरात रिलायन्सची दुकाने करारान्वये या नकाशावर आली, आणि स्मारकाला व पुतळ्याला जो रंग होता, तोच त्यांनाही लाभला. पुतळा लोकांनी सुचविलेला आणि दुकान पैसे देऊन आलेले, हा भेद रंग करीत नाही.

येथे एक आक्षेप संभवतो. स्थळाचे नाव व छायाचित्र चकतीवर असतेच. मग रंगानेही तेच पुन्हा का सांगावे? आक्षेपात तथ्य आहे. चकती उघडली की कारंज्याचे चित्र, त्याचे नाव, क्वचित ते कोणी बांधले याची एखादी ओळही वाचावयास मिळते, आणि या खेळामुळे आपल्याच गल्लीतील शिलालेख प्रथम पाहिला असे सांगणारी माणसे आहेत. परंतु चित्र पाहण्यापूर्वी जावे की नाही हे ठरते ते दुरून, आणि दुरून नकाशावर आधी रंगच दिसतो. चित्र उघडेपर्यंत माणूस दफनभूमीच्या फाटकात पोचलेला असतो.